जहाजाच्या पोटातील माणसे

नांदेड आणि लातूर या दोन जिल्ह्यांच्या सीमेवर आमचे धर्मग्राम आहे. येथून समुद्र पाहायचा म्हटले तर एक अख्खी रात्र एस.टी.त अथवा आगगाडीत काढावी लागते. आमच्याकडील कित्येक वृद्धांनी समुद्र पाहिलेलाच नाही. मांजरा आणि गोदावरी या दोन नद्यांपलीकडे मोठे पाणी म्हणजे काय, हे त्यांना चित्रावरूनच ठाऊक. अशा कोरड्या मुलखातील एक मुलगा नौदलात गेला, आणि त्याच्यामुळे आमच्यावर जो प्रसंग आला, त्याची ही हकीकत आहे.

२०२२ सालच्या डिसेंबरातील एका रविवारी मिस्सा आटोपून आम्ही बाहेर आलो, तेव्हा त्या मुलाची आई ओट्याशी थांबली होती. तिच्या हाती मुलाचा फोटो होता. पांढराशुभ्र गणवेश, डोक्यावर गोल टोपी, ताठ मान. आम्ही कौतुकाने फोटो पाहिला. तिचा चेहरा मात्र प्रश्नार्थक होता. "फादर, तुम्ही शिकलेले माणूस. आमचा पोरगा तिकडं जहाजावर नेमकं काय करायलाय, तेवढं आम्हाला सांगा. फोटोत तर असा हाय. आन् फोनवर इचारलं की म्हणतो, आज तेल बदललं, आज पाइप साफ केला, आज नट आवळले. मग ह्यांच्यात आन् त्याच्यात फरक काय राहिला?"

'ह्यांच्यात' म्हणजे तिच्या यजमानांत. त्यांनी तीस वर्षे एस.टी.च्या डेपोत मेकॅनिक म्हणून काढली. गाड्यांखालच्या खड्ड्यात उतरून त्यांनी किती इंजिने उतरवली आणि चढवली, याची गणती नाही. ख्रिस्तप्रसाद देताना त्यांचे तळहात आम्ही वर्षानुवर्षे पाहत आलो आहोत. नखांच्या कडांतील काळपटपणा निवृत्तीनंतरही गेलेला नाही. त्या माउलीच्या प्रश्नामागे तीन पिढ्यांचे दुःख होते. लातूर म्हणजे 'लातूर पॅटर्न'चे गाव. ज्याच्या त्याच्या मुलाने डॉक्टर किंवा इंजिनिअर व्हावे, ही तेथील हवाच. आपला मुलगा डॉक्टर झाला नाही, निदान सैनिक झाला, यात तिने समाधान मानले होते. आता सैनिकाच्या हातीही पान्हाच आहे, असे तिच्या ध्यानी आले होते.

आम्ही तिला काय उत्तर दिले? "बाई, ही देशसेवा आहे" असे काहीसे बोललो. तिने मान डोलावली आणि ती निघून गेली. आपले शब्द कधी पोचले आणि कधी वाटेतच पडले, हे इतक्या वर्षांच्या धर्मसेवेनंतर आम्हास कळते. त्या दिवशी ते वाटेतच पडले होते. कारण उघड होते. तिचा मुलगा काय करतो हे आम्हासही ठाऊक नव्हते.

मग एक जुनी आठवण जागी झाली. पुण्यात सेमिनरीत असताना आम्ही काही जण पावसाळ्यात लोणावळ्याला गेलो होतो. भुशी धरणावरून टायगर पॉइंटकडे जाताना 'आय.एन.एस. शिवाजी' अशी पाटी लागली. पहारेकऱ्याचा गणवेश नौदलाचा होता. आम्ही हसलो. डोंगरमाथ्यावर, धुक्यात, समुद्रापासून इतक्या दूर नौदलाचे काय काम? त्या वेळी विचारण्याची बुद्धी झाली नाही. ही संस्था १५ फेब्रुवारी १९४५ रोजी, ब्रिटिशांच्या काळात सुरू झाली, आणि जहाजांची इंजिने चालविणारे व राखणारे अधिकारी आणि नौसैनिक तेथेच तयार होतात, हे आम्हास तीस वर्षांनी कळले. विजेच्या यंत्रणा सांभाळणाऱ्यांसाठी अशीच संस्था गुजरातेत जामनगर येथे आहे, तिचे नाव वलसुरा. आमच्या गावचा मुलगा बारावीनंतर आधी ओडिशातील चिल्का येथे आणि मग लोणावळ्याच्या याच डोंगरावर शिकून इंजिनखोलीत उतरला होता.

२०२३ च्या मे महिन्यात तो रजेवर आला. तीन संध्याकाळी तो आमच्या ओट्यावर बसला. सांगण्याजोगे तेवढेच त्याने सांगितले, न सांगण्याजोगे आम्ही विचारले नाही. त्यानंतर आम्ही स्वतःही काही वाचले. त्यातून जे उमगले ते वाचकांपुढे ठेवीत आहोत. आमच्या धर्मप्रांतातील अनेक घरांतून आता मुले सैन्यात आणि नौदलात जाऊ लागली आहेत, त्यांच्या आईवडिलांनाही ते उपयोगी पडावे.

युद्धनौका हे एक छोटेसे गाव असते. त्या गावाला स्वतःचे वीजघर असते, खाऱ्या पाण्याचे गोडे पाणी करणारी यंत्रे असतात, स्वयंपाकघर असते, दवाखाना असतो आणि शस्त्रागारही असते. गावात काही बिघडले तर तालुक्याहून माणूस आणता येतो. भर समुद्रात तालुका कोठला? म्हणून जहाजावरील माणसांची विभागणीच तशी केलेली असते. एक विभाग जहाज हाकारण्याचा आणि लढण्याचा, दुसरा इंजिनांचा, तिसरा विजेचा, चौथा रसद आणि हिशेबाचा. या सर्वांवर एक कप्तान. इंजिनविभागाचा प्रमुख अधिकारी कप्तानाला रोज आपल्या यंत्रांची स्थिती सांगतो. जहाज किती वेगाने जाऊ शकेल, किती दिवस बाहेर राहू शकेल, हे त्या सांगण्यावर ठरते. नकाशावर रेघ कोणीही ओढावी, ती रेघ पाण्यावर उतरविणारा खाली पोटात असतो.

"इंजिनखोलीत काय दिसतं रे?" आम्ही विचारले. "फादर, दिसत काही नाही. फक्त ऐकू येतं," तो म्हणाला. तेथे उष्मा असा की आपल्याकडील वैशाखातील दुपार बरी वाटावी. आवाज असा की शेजारच्याशी खुणांनी बोलावे लागते. चार तासांची पाळी. ठरावीक वेळाने फेरी मारायची, तेलाचा दाब पाहायचा, पाण्याचे तापमान पाहायचे, नळ्यांच्या सांध्यांवरून नजर फिरवायची आणि प्रत्येक आकडा वहीत लिहायचा. आकडा नेहमीसारखा असला तरी लिहायचा. "काल जे होते तेच आज आहे, हे कसले लिहायचे?" असे आम्ही सहज म्हणालो. त्यावर त्याने दिलेले उत्तर आम्ही विसरलो नाही. तो म्हणाला, "फादर, रोज लिहिलं म्हणूनच तर बदल झाला त्या दिवशी कळतं."

प्रत्येक यंत्राचे वेळापत्रक ठरलेले असते. काही कामे रोजची, काही आठवड्याची, काही महिन्याची आणि काही यंत्र किती तास चालले त्यावर बेतलेली. यंत्र बिघडण्याची वाट पाहायची नाही, बिघडण्याआधीच उघडायचे, झिजलेला भाग बदलायचा, तेलाचा नमुना तपासायला पाठवायचा. तेलात धातूचे कण दिसले तर आत कोठेतरी काही घासले जात आहे, असे समजायचे. वैद्याने नाडी पाहावी तसा हा प्रकार आहे.

जहाजावरील माणसांना जे जमत नाही ते दुसऱ्या पायरीवर जाते. बंदरातील तळावर फिरते दुरुस्ती पथक असते, त्यात अधिक अनुभवी कारागीर आणि अधिक अवजारे असतात. जहाज बंदराला लागले की इंजिनविभाग बिघाडांची यादी देतो आणि हे पथक कामाला लागते. त्याच्याही आवाक्याबाहेरचे काम तिसऱ्या पायरीवर, म्हणजे गोदीत जाते. नौदलाच्या मोठ्या गोद्या मुंबई आणि विशाखापट्टणम येथे आहेत, दुरुस्तीची केंद्रे कोची आणि कारवार येथेही आहेत. गोदीवर ॲडमिरल सुपरिंटेंडेंट हा ज्येष्ठ अधिकारी असतो, आणि त्याच्या हाताखाली गणवेशातील अभियंत्यांबरोबर हजारो नागरी कामगार राबतात. त्यांत फिटर असतात, वेल्डर असतात, सुतार आणि रंगारीही असतात. सुटे भाग पुरविणारी कोठारे वेगळी, मुंबईत ती घाटकोपरला आहेत. या साऱ्यांच्या वर दिल्लीच्या मुख्यालयात चीफ ऑफ मटेरिअल हा अधिकारी सर्व जहाजांच्या यंत्रसामग्रीची चिंता वाहतो.

जहाजाचे आयुष्यही आधीच आखलेले असते. इतके महिने समुद्रावर, मग लहान दुरुस्ती, पुन्हा समुद्र, मग मोठी दुरुस्ती, आणि आयुष्याच्या मध्यावर सर्वांत मोठी, ज्यात जहाज जवळजवळ नव्याने बांधले जाते. मोठ्या दुरुस्तीसाठी जहाज सुक्या गोदीत घेतात. जहाज आत आले की दरवाजा लावून पाणी उपसतात आणि जहाज ठोकळ्यांवर टेकते. मग त्याचे कधी न दिसणारे अंग उघडे पडते. तळाला शेवाळ आणि शिंपल्यांची पुटे चढलेली असतात. त्यांच्यामुळे जहाज जड होते आणि इंधन अधिक जळते. ती खरवडून काढायची, पत्रा तपासायचा, रंग द्यायचा. तळाला जागोजागी जस्ताचे ठोकळे बसविलेले असतात. खारे पाणी लोखंडाला खाते, पण जवळ जस्त असले की ते आधी जस्ताला खाते. जस्त झिजते आणि लोखंड वाचते. झिजलेले ठोकळे काढून नवे बसवायचे. हे ऐकताना त्या मुलाचे वडील शेजारीच होते. ते काही बोलले नाहीत, नुसते आपल्या हातांकडे पाहत राहिले.

दुरुस्ती झाली की जहाज लगेच समुद्रावर जात नाही. आधी धक्क्याला बांधूनच यंत्रे चालवून पाहतात, मग समुद्रात चाचणी होते. ज्याने दुरुस्ती केली त्यानेच 'ठीक आहे' म्हणायचे नाही, तपासणारे पथक निराळे असते. आपल्या संस्थांत आणि समित्यांत हा एवढा एक नियम आला तर कितीतरी कलह मिटतील, असे आमच्या मनात येऊन गेले. असो.

ही विद्या आपल्याला नवी नाही. विजयदुर्गाजवळ वाघोटनच्या खाडीत आंग्र्यांच्या आरमाराची खडकात खोदलेली गोदी आजही पाहावयास मिळते. भरतीला जहाज आत घ्यावे आणि ओहोटीला त्याचे अंग दुरुस्त करावे, अशी तिची योजना होती. मुंबईची गोदी १७३५ सालची. तेथे सुरतेहून आलेल्या लवजी नसरवानजी वाडिया यांनी आणि त्यांच्या वंशजांनी पिढ्यान्‌पिढ्या जहाजे बांधली. १७५० साली तेथे सुकी गोदी झाली. १८१७ साली वाडियांनी मलबारच्या सागवानातून बांधलेले 'ट्रिंकोमली' हे जहाज आज दोनशे वर्षांनंतरही इंग्लंडमध्ये हार्टलपूल येथे तरंगते आहे. चांगले लाकूड आणि चांगला कारागीर हे त्याचे अर्धे कारण. मागाहूनच्या माणसांनी त्याची निगा राखली, हे उरलेले अर्धे. पहिल्या अर्ध्याचे नाव इतिहासात राहिले, दुसऱ्या अर्ध्यातील माणसांची नावे कोणास ठाऊक नाहीत.

१९७१ च्या युद्धातील 'विक्रांत'ची गोष्ट आमच्या पिढीने शाळेत ऐकली, पण अर्धीच ऐकली. डिसेंबरच्या ४ तारखेला तिच्या विमानांनी कॉक्स बझार आणि चितगाव येथे हल्ले केले, एवढे आम्हास पाठ होते. युद्धाच्या आदल्या वर्षी तिच्या चार बॉयलरांपैकी एकाला तडे गेल्याचे आढळले होते, हे मात्र आम्हास कोणी सांगितले नव्हते. बॉयलर निकामी म्हणजे वाफ कमी आणि वेगही कमी. विमानवाहू नौकेला वेग हवाच, कारण समोरून पुरेसा वारा मिळाल्यावाचून विमान डेकवरून सुरक्षित उडत नाही. ही नौका युद्धात उपयोगाची नाही, तिला बंदरातच ठेवावे, असे म्हणणारेही होते. नौदलाच्या अभियंत्यांनी पोलादी पट्ट्यांचा आधार देऊन, मर्यादा आखून, उरलेल्या तीन बॉयलरांवर तिला बंगालच्या उपसागरात नेण्याजोगे केले. वैमानिकांचे शौर्य मोठेच होते. पण त्या शौर्याला उडावयास जागा मिळाली ती खाली घामाने निथळणाऱ्या माणसांमुळे. आमची मांजरा गोदावरीला मिळते आणि गोदावरी त्याच उपसागराला. म्हणजे नांदेड-लातूरचे पाणी त्या जहाजाखालून वाहिले असेलच, अशी आम्ही आपली समजूत करून घेतली. याच दोन जिल्ह्यांनी देशाला संरक्षण खात्यात माणसेही दिली. नांदेडचे शंकरराव चव्हाण १९८४ साली काही महिने संरक्षणमंत्री होते आणि लातूरचे शिवराज पाटील त्याआधी त्याच खात्यात राज्यमंत्री होते. समुद्र नसलेल्या मुलखाचाही समुद्राशी असा संबंध येतो.

हे सर्व आम्ही त्या माउलीला सांगितले. तिने शांतपणे ऐकले. "म्हंजे जहाज चालतंय ते त्याच्यामुळं?" तिने विचारले. "त्याच्यामुळे आणि त्याच्यासारख्यांमुळे," आम्ही म्हणालो. तिचे समाधान झालेसे वाटले. आमचेही झाले. खरे सांगायचे तर आम्हास स्वतःचा थोडा अभिमानच वाटला.

पुढील हकीकत लिहिताना मात्र आम्हास संकोच वाटतो. आमच्या चर्चच्या आवारात एक हातपंप आहे. शेजारच्या वस्तीतील बायका त्याचे पाणी नेतात. २०२४ च्या आरंभी तो करकरू लागला. दांडा खाली गेला की एक कर्कश आवाज निघे. आम्ही तो सकाळच्या प्रार्थनेच्या वेळी रोज ऐकत होतो. ज्या मुलाने आम्हास 'इंजिनखोलीत फक्त ऐकू येतं' असे सांगितले, त्याचे शब्द आठवूनही आम्ही कोणास काही सांगितले नाही. कामे पुष्कळ होती, प्रथम-ख्रिस्तप्रसादाची तयारी होती, उपवासकाळ होता. मार्चअखेरीस एके दिवशी दांडा नुसताच हलू लागला आणि पाणी येईनासे झाले. ऐन उन्हाळ्यात बायकांना अर्ध्या कोसावरील विहिरीवर जावे लागले. आम्ही अर्ज केला आणि वाट पाहत बसलो. असे सहा आठवडे गेले.

शेवटी मुलाचे वडीलच एका सकाळी पान्हे आणि दोर घेऊन आले. सोबत वस्तीतील दोन पोरे होती. त्यांनी पंपाचे डोके उघडले. आतील साखळी ग्रीसवाचून कोरडी पडून झिजली होती आणि तुटली होती. एकेक पाइप वर ओढून त्यांनी तळाचे वायसर बदलले, नवी साखळी बसविली. दुपारपर्यंत पाणी आले. आम्ही त्यांना चहा दिला आणि आभार मानू लागलो. ते म्हणाले, "फादर, येवढ्या बोटभर ग्रीसचं काम होतं. करकर ऐकली तवाच कामून नाही सांगितलं?" त्यांच्या बोलण्यात राग नव्हता. म्हणूनच आम्हास ते अधिक लागले. बोटभर ग्रीसवाचून वस्तीतील बायकांनी सहा आठवडे डोक्यावर हंडे वाहिले होते.

त्या रात्री आम्ही हातपंपाविषयीही वाचले. १९७२ च्या दुष्काळात मराठवाड्यात जागोजागी विंधनविहिरी घेतल्या गेल्या आणि त्यांवर जे ओतीव लोखंडाचे पंप बसविले ते भराभर मोडले. ते मुळात एका कुटुंबासाठी घडविलेले, येथे त्यांवर अख्खे गाव पाणी भरत होते. मजबूत पंप घडविण्याचे प्रयत्न आपल्याच परिसरात झाले. जालन्याला मिशनच्या कार्यकर्त्यांनी एक पंप तयार केला, सोलापुरास ऑस्कर कार्लसन नावाच्या स्वीडिश मेकॅनिकने दुसरा. त्या अनुभवावरूनच पुढे युनिसेफच्या साहाय्याने 'इंडिया मार्क दोन' हा पंप आला आणि जगभर गेला. पण पंप मजबूत झाला तरी राखणारा माणूस हवाच, हेही तेव्हाच ध्यानी आले. तमिळनाडूत त्यासाठी तीन पायऱ्यांची व्यवस्था उभी राहिली. गावात पंपाची देखभाल करणारा एक माणूस, त्याच्यावर गटाचा मेकॅनिक, त्याच्यावर जिल्ह्याचे फिरते पथक. वाचता वाचता आम्ही थबकलो. जहाज, तळ आणि गोदी यांच्या त्याच तीन पायऱ्या. आणि दोन्हीकडे पहिल्या पायरीवर तोच एक साधा माणूस, जो रोज यंत्राजवळ असतो आणि ज्याचे कान उघडे असावे लागतात. आमच्या आवारात ती पायरी आमची होती, आणि ती रिकामी होती.

डागडुजी नुसती केली म्हणजेही भागत नाही, ती जाणतेपणाने करावी लागते. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीचा भूकंप झाला, त्यानंतर सेमिनरीतील आम्ही काही विद्यार्थी मदतकार्यासाठी तेथे गेलो होतो. दगडमातीच्या जाड भिंती आणि वर माळवद. पावसात गळू नये म्हणून माळवदावर वर्षानुवर्षे मातीचा थर चढवीत गेलेले. प्रत्येक पिढीने आपल्या परीने घराची काळजीच घेतली होती. त्या काळजीचे ओझे भिंतींवर साठत होते, हे सांगणारा तिसऱ्या पायरीवरचा जाणता माणूस त्यांच्यापर्यंत कधी पोचलाच नाही. ती दृश्ये आम्ही येथे लिहीत नाही. ज्यांनी पाहिली त्यांना सांगावयास नको.

जुलै २०२४ मध्ये या साऱ्या विचारांना अचानक निराळीच धार आली. २१ तारखेस, रविवारी संध्याकाळी, मुंबईच्या गोदीत दुरुस्तीसाठी असलेल्या 'ब्रह्मपुत्र' या युद्धनौकेवर आग लागली. सोमवारी सकाळपर्यंत ती आटोक्यात आली, पण नौका एका बाजूला कलंडली. एक नौसैनिक बेपत्ता असल्याची बातमी आली, पुढे त्याचा मृतदेह सापडला. आमचा मुलगा तेव्हा मुंबईतच होता. सोमवारी संध्याकाळी त्याची आई आमच्याकडे आली. फोन लागत नव्हता. ती काही बोलली नाही, बाकावर बसून राहिली. तिचे यजमान दाराशी उभे होते. त्यांनी इतकेच म्हटले, "गाडी बंद पडली तर उतरून ढकलता येती. जहाजातून कुठं उतरावं?"

त्या दोन तासांत आम्हास अनेक गोष्टी आठवल्या. २०१४ साली मुंबईच्या किनाऱ्यापलीकडे 'सिंधुरत्न' या पाणबुडीत धूर कोंडला आणि दोन अधिकारी गेले. त्याच दिवशी नौदलप्रमुख ॲडमिरल डी. के. जोशी यांनी नैतिक जबाबदारी स्वीकारून राजीनामा दिला. २०१६ साली 'बेतवा' ही नौका सुक्या गोदीतच कलंडली आणि दोन नौसैनिक मृत्यू पावले. ती पुढे उभी करून पुन्हा सेवेत आणली गेली. म्हणजे समुद्रावर आणि युद्धातच धोका असतो असे नव्हे, बंदरात, दुरुस्तीच्या वेळी, ठोकळ्यांवर टेकलेल्या जहाजातही तो असतो. पान्हा हाती घेणाऱ्याचे काम बंदूक हाती घेणाऱ्याच्या कामाहून सोपे किंवा सुरक्षित आहे, ही आमची समजूत त्या संध्याकाळी पुरती गेली.

रात्री साडेआठच्या सुमारास फोन आला. तो दुसऱ्या जहाजावर होता आणि सुखरूप होता. आई रडली. वडिलांनी फोन घेतला आणि एकच विचारले, "जेवलास का?" मग ते दोघे अंधारात घराकडे गेले. आम्ही चर्चमध्ये जाऊन ज्या घरी फोन आला नव्हता त्या घरासाठी प्रार्थना केली.

पुढच्या आठवड्यात वडील पुन्हा आले. त्यांनी एक जुनी वही आणली होती, तिला भोक पाडून सुतळी ओवली होती. पंपाजवळच्या खांबावर त्यांनी ती प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून टांगली. पानांवर रकाने आखले होते. तारीख, ग्रीस, नट, पाणी येण्यास लागलेले हेलकावे आणि सही. "दर पंधरा दिवसांनी," ते म्हणाले. "ग्रीस मी लावतो. पाहणी तुमची. करणाऱ्यानं सही करायची नसती म्हणे, आमच्या पोरानं सांगितलंय."

तेव्हापासून दर दुसऱ्या शनिवारी आम्ही पंपापाशी जातो. दांडा हलवितो, कान देऊन ऐकतो, हेलकावे मोजतो आणि सही करतो. बहुतेक वेळा लिहिण्यासारखे विशेष काही नसते. तरीही लिहितो. त्या माउलीच्या घरी काचेच्या कपाटात पांढऱ्या गणवेशातला फोटो अजून आहे. गेल्या नाताळात आम्ही घरी गेलो तेव्हा त्याच्या शेजारी दुसरा फोटो दिसला. त्यात मुलगा निळ्या डगल्यात आहे, बाह्या कोपरापर्यंत सारलेल्या, आणि हात मनगटापर्यंत काळे. "हा तिनंच मागवला," वडील म्हणाले.

आज शुक्रवार. हा लेख पुरा करून उद्या पंपाकडे जायचे आहे. वहीतील उद्याचा रकाना अजून कोरा आहे.